हंसाबाईंची हजेरी

हंसा वाडकर या नटीचं नाव निघालं की मराठी माणूस एक तर उपदेशक होतो, नाही तर कनवाळू. ‘गुणी बाई हो, पण वाया गेली,’ हे एक वाक्य ठरलेलं. ‘पुरुषांनी तिचं वाटोळं केलं,’ हे दुसरं. पहिलं आमच्या वडीलधाऱ्यांचं, दुसरं आमच्या पिढीचं. पहिल्यात दोष बाईचा, दुसऱ्यात बाप्यांचा. त्यामुळे आपण एकमेकांच्या विरुद्ध बाजूला आहोत, असा दोघांचाही समज. पण दोघांची चूक एकच आहे. दोघांनीही या बाईचं आयुष्य घर, माणसं आणि बाटली एवढ्यापुरतंच पाहिलं. वीस-तेवीस वर्षं ती रोज उठून जिथे जात होती, जिथे उभी राहून पोट भरत होती आणि आणखी चार जणांची पोटं भरत होती, ती जागा दोघांच्याही हिशेबात नाही.

पूर्वपक्ष हलका करून मांडायचा आणि मग फुंकरीने उडवायचा, ही वादाची सोपी वाट. इथे ती चालायची नाही, कारण हा पूर्वपक्ष भक्कम आहे आणि त्याच्या सर्वांत मोठ्या साक्षीदार खुद्द हंसाबाईच आहेत. ‘सांगत्ये ऐका’ हे त्यांचं आत्मकथन आधी ‘माणूस’ या नियतकालिकातून आलं आणि 1970 साली राजहंस प्रकाशनाने पुस्तकरूपात काढलं. सांगणाऱ्या हंसाबाई, शब्दांकन अरुण साधू यांचं. पुढे ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ लिहिणारे तेच साधू, तेव्हा तिशीच्या आतले पत्रकार. या पुस्तकात काय नाही? कलावंतिणींच्या परंपरेतलं घर आहे. त्या घराच्या चुलीसाठी कॅमेऱ्यापुढे उभी केलेली पोर आहे. कोवळ्या वयात जगन्नाथ बांदरकर यांच्याशी झालेलं लग्न आणि त्या लग्नातला छळ आहे. दारू आहे, एकामागून एक आलेली माणसं आहेत, मराठवाड्यातल्या एका खेड्यात काढलेली वर्षं आहेत आणि शेवटी आजारपण. बाई कुठेही आडपडदा ठेवत नाहीत आणि पुष्कळदा बोल लावतात तो स्वतःलाच. पुस्तक आलं आणि पुढच्याच वर्षी, 23 ऑगस्ट 1971 रोजी, पन्नाशीही न गाठता त्या गेल्या. मग 1977 मध्ये श्याम बेनेगलांचा ‘भूमिका’ आला, स्मिता पाटीलला त्याबद्दल राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि ज्यांनी पुस्तक उघडलंही नव्हतं त्यांनाही हंसाबाईंची गोष्ट ‘कळली’.

परभणीतल्या एका निवृत्त मास्तरांनी मला सरळच विचारलं, “जिने स्वतःच्या तोंडाने कबूल केलंय, तिचं वकीलपत्र घेणारे तुम्ही कोण?” प्रश्न रास्त आहे. उत्तर थोडं लांबचं आहे.

कबुलीजबाब हा पुरावा असतो हे मान्य. पण कशाचा पुरावा, हे पाहावं लागतं. माणूस आपली गोष्ट सांगतो तेव्हा समोरचा काय ऐकायला बसलाय, हे त्याला ठाऊक असतं. सिनेमातली बाई आयुष्य सांगायला बसली तर वाचक कशाची वाट बघणार, हे 1970 च्या महाराष्ट्रात कुणाला वेगळं सांगायला नको होतं. त्यात बाई आजारी, मागे वळून बघणारी. अशा वेळी माणूस हिशेब मांडतो तो गमावलेल्याचा; रोजचं पार पाडलेलं काम त्याला सांगण्यासारखं वाटत नाही. गवंड्याला आयुष्य विचारा. तो भावकी सांगेल, लेकीचं लग्न सांगेल, दुष्काळ सांगेल; भिंती किती बांधल्या ते तुम्ही विचाराल तेव्हा. शिवाय आपल्याकडे दारूचंही लिंग ठरलेलं आहे. नटवर्यांच्या आठवणींत दारू येते ती किस्सा म्हणून, ऐकणारे मांडीवर थाप मारून हसतात. नटीच्या आठवणींत तीच दारू आली की ती फिर्यादीचा मुद्देमाल होते.

आमच्याकडच्या एका वाचनालयात मी या पुस्तकाची जुनी प्रत चाळली आहे. पुठ्ठा सुटलेला, पाठीवर कापडी पट्टी, पानांना हळदीसारखा रंग. आधीच्या वाचकांनी पेन्सिलीने रेघा ओढल्या आहेत, कुठे समासात उद्गारचिन्हं, एका ठिकाणी नुसतंच ‘बापरे’. या सगळ्या खुणा माणसांच्या आणि दारूच्या पानांवर. स्टुडिओतली, करारांची, पैशांची पानं कोरी. बाईंनी ती सांगितली नव्हती असं नाही. वाचणाऱ्यांना ती लागली नाहीत.

तर आता ती कोरी पानं.

मूळ नाव रतन साळगावकर, जन्म 1923, मुंबई. 1936 साली ‘विजयाची लग्ने’मध्ये ती पडद्यावर आली, हंसा वाडकर या नव्या नावाने. वय तेराच्या आसपास. मालाडच्या बॉम्बे टॉकीजचा ‘नवजीवन’ 1939 चा. पुण्याच्या प्रभातचा ‘संत सखू’ 1941 चा. दिग्दर्शनात दामले, फत्तेलाल आणि राजा नेने. परळच्या राजकमलचा ‘लोकशाहीर रामजोशी’ 1947 चा, बाबूराव पेंटर आणि व्ही. शांताराम यांचा. 1949 ला प्रभातचाच ‘संत जनाबाई’. 1950 ला राजा परांजप्यांचा ‘पुढचं पाऊल’, नायक पु. ल. देशपांडे. 1959 ला अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’, जो पुण्याच्या विजयानंदमध्ये अडीच वर्षं मुक्काम ठोकून होता आणि ज्याचं नाव बाईंनी पुढे आपल्या आत्मकथनाला घेतलं. ही सगळी यादी नव्हे, ठळक नावं तेवढी सांगितली. मधल्या जागा हिंदी आणि मराठी चित्रपटांनी भरलेल्या आहेत.

या यादीकडे मराठवाड्यातल्या माणसाने पाहावं तसं पाहा. रोजगार हमीच्या कामावर मस्टर असतं. कोण दुःखी, कोण सुखी, कुणाचा नवरा पिऊन येतो, हे मस्टर विचारत नाही. बाई कामावर आली की नाही, एवढंच लिहितं. हंसाबाईंचं मस्टर तेवीस वर्षांचं आहे. आणि मुकादम कोण होते ते बघा. दामले-फत्तेलाल शिस्तीचे म्हणून प्रसिद्ध. शांताराम तर एका शॉटसाठी माणसाला दमवून टाकणारे. ‘वाया गेलेली’ बाई अशा लोकांनी पुन्हा पुन्हा का घेतली असती? दयाबुद्धीने? सिनेमाच्या धंद्यात दया ही चीज उधारीवरही मिळत नाही. त्यांनी तिला घेतलं कारण ती वेळेवर उभी राहत होती आणि उभी राहिली की काम होत होतं.

आता कामाची जात. ‘रामजोशी’तली बया ही तमासगीर बाई. तिच्यासमोर जयराम शिलेदारांचा रामजोशी, म्हणजे सोलापूरचा ब्राह्मण शाहीर. गीतं आणि कथा माडगूळकरांची, संगीत वसंत देसाईंचं. या बयेत नाच आहे, ठसका आहे, ते सगळे सांगतात. मला महत्त्वाचं वाटतं ते निराळं. फडात शाहीर बोलत असतो तेव्हा ती ऐकते कशी, ते बघा. नाचणारी नटी बहुधा आपली पाळी येईपर्यंत सजून उभी असते. ही उभी नसते. ती ऐकते, तोलते, उत्तर जुळवते, आणि हे सगळं डोळ्यांत आणि हनुवटीच्या किंचित उचलण्यात दिसतं. फडावरची बाई ही बुद्धीची बाई आहे, समोरच्याला शब्दात गाठणारी आहे, हे पांढरपेशा प्रेक्षकाला पडद्यावर पटलं ते या ऐकण्यामुळे. त्यानंतर मराठीत तमाशापटांची रांगच लागली. ‘सांगत्ये ऐका’मध्ये जयश्री गडकर पुढे आल्या आणि हंसाबाई थोरल्या भूमिकेत मागे सरकल्या, 1972 च्या ‘पिंजरा’पर्यंत आणि त्याही पुढे तो प्रवाह वाहत राहिला. जयश्रीबाईंचं श्रेय त्यांना मिळालं, ‘पिंजरा’तल्या संध्याबाईंचं त्यांना. ज्या बाईने पडद्यावरच्या तमासगिरिणीला चेहरा दिला, तिच्याबद्दल मात्र आपण अजून तिचे नवरे मोजत बसलोय.

पैशाचं काय झालं, हा प्रश्न ‘वाया गेली’ म्हणणारे कधी विचारत नाहीत. ‘सांगत्ये ऐका’ हे पुस्तक त्याचं उत्तर देतं. लग्नानंतर सिनेमा सोडावा, घर करावं, असं बाईंना वाटत होतं. घर चालवायला काम हवं होतं ते नवऱ्याला. करार तो आणायचा, सह्या ती करायची, मेहनत तिची, पैशाचा कारभार त्याचा. आधी माहेर तिच्यावर चाललं, मग सासर. ज्या बाईला घर हवं होतं तिला कामावर पाठवलं, आणि ती काम करते म्हणून तिचं घर नासलं, असा निकालही तिच्याच माथी मारला. असला न्याय आपल्याला खटकत नाही, हे मला त्या सगळ्या कथेतल्या दारूपेक्षा जास्त चमत्कारिक वाटतं.

हे असं पाहण्याची दृष्टी तेव्हा नव्हती, आजची मोजपट्टी लावताय, असा आक्षेप येईल. तो टिकत नाही. शांता आपटे 1939 साली कराराच्या वादावरून प्रभातच्या फाटकाशी उपोषणाला बसल्या होत्या. 1940 साली त्यांनी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहिलं. सिनेमाच्या धंद्यात राबणाऱ्यांची पिळवणूक कशी होते, हाच त्याचा विषय. म्हणजे नटी ही कामगार आहे, तिचे तास, तिचे पैसे, तिचा करार हे बोलण्याचे विषय आहेत, हे मराठीत तेव्हाच छापून झालेलं होतं. दृष्टी होती. हंसाबाईंपुरती आपण ती वापरली नाही.

का वापरली नाही, तेही सांगतो. दुर्गाबाई खोट्यांचं आयुष्य घ्या. लाडांसारख्या प्रतिष्ठित घरातली, कॉलेजात शिकलेली मुलगी. पदरी दोन मुलं, म्हणून सिनेमात काम केलं. 1932 चा ‘अयोध्येचा राजा’, पुढे पन्नासएक वर्षांची कारकीर्द, 1983 चा फाळके पुरस्कार. ‘मी, दुर्गा खोटे’ आपण वाचतो ते एका कर्तबगार बाईचं चरित्र म्हणून, आणि ते बरोबरच आहे. त्यांच्याही आयुष्यात दुसरं लग्न आहे, घरातली दुःखं आहेत. पण वाचक त्यावर रेघा ओढत नाही. कुलीन घरातली बाई सिनेमात आली तर ते धाडस. कलावंतिणीच्या घरातली आली तर ‘ते तर त्यांचंच’. एकीचं काम हा निर्णय ठरतो, दुसरीचं काम हे रक्तातलं. आणि जे रक्तातलं मानलं त्याची मजुरी कोण मोजतो? दुर्गाबाईंना यात उणेपणा देण्याचा हेतू नाही. त्या स्वतः असली मापं लावणाऱ्या नव्हत्या. मापं आपली आहेत.

आता आमच्या मुलखाचा मुद्दा, कारण त्या वाचनालयातल्या प्रतीत सर्वांत दाट पेन्सिल तिथे आहे. हंसाबाई घर सोडून एका माणसाबरोबर मराठवाड्यातल्या खेड्यात गेल्या. तिथे आधीच्या बायका होत्या, या तिसऱ्या. सुमारे तीन वर्षं त्या वाड्यात राहिल्या, राबल्या, बाहेर पडायची मोकळीक नव्हती, आणि शेवटी नवऱ्याने, म्हणजे बांदरकरांनीच, त्यांना तिथून बाहेर काढलं. हे वाचून आमच्याकडचा वाचक पहिली चौकशी करतो ती गावाची: कुठलं हो गाव, कुणाचा वाडा? दुसरा शेरा असा: “बघा, एका घरात टिकली नाही, दुसऱ्या घरातही टिकली नाही, आणि परत पहिल्यालाच हाक मारली.” म्हणजे चंचल.

गावाच्या नावात मला रस नाही. वाड्यात आहे. निजामी अमलातल्या मराठवाड्यातला जमीनदाराचा वाडा काय असतो, हे ज्यांना पाहायचं त्यांनी परभणीच्याच बी. रघुनाथांची ‘आडगावचे चौधरी’ उघडावी. 17 सप्टेंबर 1948 ला संस्थान मुक्त झालं तरी वाड्यांच्या दिंड्या त्याच दिवशी उघडल्या नाहीत. मुंबई इलाख्यात 1946 च्या कायद्याने हिंदू पुरुषाला पहिली बायको असताना दुसरी करायला बंदी झाली होती. सगळ्या देशाला एकच नियम लागला तो 1955 च्या हिंदू विवाह कायद्याने. एकाच्या पदरी दोन-तीन बायका, ही वाड्यातली गोष्ट कुणाच्या भुवया उंचावणारी नव्हती. त्या वाड्यात बाई पहाटेपासून रात्रीपर्यंत राबते आणि तिच्या नावावर एक पै जमा होत नाही. स्टुडिओतला पैसा हंसाबाईंच्या हाती राहिला नाही, पण तो पैसा होता. त्याला आकडा होता, करार होता, पोस्टरवर नाव होतं. वाड्यात आकडाही नाही आणि नावही नाही. रजतपटावरची नायिका तिथे कुणाची तरी तिसरी एवढीच उरते. दोन्ही पाहिलेल्या बाईने तिथून सुटायचं ठरवलं, यात चंचलपणा कुठला? आणि हाक नवऱ्यालाच का मारली? माझ्या समजुतीप्रमाणे उत्तर रोकडं आहे. पोलीस आणि कचेरी बाईचं ऐकत नव्हती. तिच्या नवऱ्याचं ऐकत होती. जो दरवाजा उघडण्याजोगा होता तोच तिने ठोठावला. परत आल्यावर काय केलं? काम.

‘संत सखू केली, जनाबाई केली, आणि वागणं असं’ हा आणखी एक शेरा. तो फार जुना आहे आणि त्यात संतपणाचंही अज्ञान आहे. जनाबाई आमच्या गंगाखेडची. गोदेच्या काठी तिचं मंदिर आहे, आणि परंपरेने सांगितलेली कथा आमच्याकडच्या पोराला पाठ असते: बापाने पंढरपूरला दामाशेटींच्या घरी ठेवलेली पोर, जन्मभर नामदेवांच्या घरची दासी. दळण, कांडण, झाडलोट, पाणी, शेण्या वेचणं. तिचे अभंग या कामातून फुटले आहेत. देव तिच्याकडे आला तो जात्याला हात लावायला. म्हणजे आमची जनाबाई ही मुळातच घरगड्यासारखी राबलेली बाई. तिला देव्हाऱ्यात बसवताना आपण जातं बाजूला ठेवलं आणि भक्ती तेवढी उचलली. गंगाखेडच्या बाया आजही तिला जास्त ओळखतात असं मला वाटतं, कारण त्या तिला मंदिरात पाहण्याआधी घरच्या कामात पाहतात.

ही भूमिका हंसाबाईंनी 1949 साली केली; आमचा जिल्हा निजामाच्या अमलातून आदल्याच वर्षी सुटला होता. लहानपणापासून दुसऱ्यांच्या घरांसाठी राबलेल्या बाईने जनाबाई करावी, यात विसंगती शोधणाऱ्यांचं मला नवल वाटतं. जात्याचा प्रसंग पडद्यावर दोन मिनिटांचा असतो. तो घेताना दिव्यांच्या तापात बाईला पुन्हा पुन्हा खुंटा धरून बसवतात. घास टाकायचा, फिरवायचं, थांबायचं, घाम टिपायचा, पुन्हा पहिल्यापासून. चेहऱ्यावर भक्ती आणि हातात श्रम, हे दोन्ही एकाच वेळी दाखवणं ही कसबाची गोष्ट आहे, चारित्र्याची नाही. चारित्र्याने भूमिका होत असत्या तर खलनायकांना तुरुंगातून आणावं लागलं असतं.

राहिला ‘भूमिका’. हा चित्रपट थोर आहे, स्मिता पाटीलचं काम तर आहेच आहे, आणि अमरीश पुरींनी उभा केलेला वाड्याचा धनी विसरता येत नाही. माझी तक्रार चित्रपटाशी नाही, तो हंसाबाईंचं चरित्र म्हणून पाहणाऱ्यांशी आहे. बेनेगल, कर्नाड आणि सत्यदेव दुबे यांनी पटकथा लिहिली ती उषा नावाच्या बाईची. पुस्तकातून प्रेरणा घेतली, आणि मग आपल्या गरजेप्रमाणे कापलं, जोडलं. तो त्यांचा अधिकार. उषा एका माणसाकडून दुसऱ्याकडे जाते, चौकट बदलते, कैद तीच राहते, आणि शेवटी ती एकटी उरते. हा आकार सुरेख आहे. पण हंसाबाईंच्या आयुष्याला हा आकार नव्हता. तिथे दोन माणसांच्या मधल्या जागेत दर वेळी एक चित्रपट आहे, एक दिग्दर्शक आहे, कामाची पाळी आहे. ‘भूमिका’त शूटिंग दिसतं, पण ते बहुतेक जुन्या सिनेमाची गंमत म्हणून, तिथे बाई काम शिकते, तिला काम येतं, ती आपल्या कामात तरबेज होत जाते, हे कथेचा कणा होत नाही. आणखी एक गोष्ट बदलली. पुस्तकात ‘मी’ बोलते, तिखट, रोखठोक, मुंबईच्या मराठीत, स्वतःची टर उडवत. पडद्यावर त्या बाईकडे आपण बघतो. सांगणारी होती, ती बघण्याची वस्तू झाली. स्मिताच्या डोळ्यांतलं दुःख इतकं खरं होतं की पुस्तकातला तो खट्याळ आवाज लोक विसरूनच गेले.

जगाच्या दुसऱ्या टोकाला, हंसाबाईंच्याच काळात, मेक्सिकोच्या सिनेमात मारिया फेलिक्स ही नटी राज्य करत होती. जन्म 1914, पहिला चित्रपट 1943 चा. त्याच वर्षीच्या ‘दोन्या बार्बरा’ने तिला ‘ला दोन्या’ ही पदवी चिकटली, म्हणजे आपल्याकडे ‘बाईसाहेब’ म्हणावं तशी. लग्नं अनेक, प्रेमप्रकरणं त्याहून जास्त, जीभ तलवारीसारखी. तिनेही उतारवयात आपलं आयुष्य दुसऱ्याला सांगितलं. इतिहासकार एन्रिके क्राउझे यांच्या मदतीने 1993 साली आलेल्या त्या पुस्तकाच्या नावाचा अर्थ होतो ‘माझ्या सगळ्या लढाया’. मेक्सिकोने ते एका जेत्या बाईचं आत्मचरित्र म्हणून वाचलं. गोष्टी जवळपास त्याच. एकीची लढाई झाली, दुसरीची शोकांतिका. समाज निराळा, हे एक कारण झालं. मला दुसरं कारण जास्त वजनाचं वाटतं. फेलिक्स पहिल्यांदा कॅमेऱ्यापुढे आली तेव्हा अठ्ठावीस वर्षांची, एक लग्न मोडून बाहेर पडलेली, आपला सौदा आपण करणारी बाई होती. हंसाबाई अठ्ठावीस वर्षांच्या झाल्या तोवर त्यांना कामावर जाऊन पंधरा वर्षं झाली होती आणि एकाही कराराचा सौदा त्यांचा नव्हता. स्वभाव, नशीब, व्यसन यांच्यावर बोट ठेवण्याआधी ही पंधरा वर्षं मोजा.

आता कनवाळू पक्षाकडून येणारा शेवटचा आक्षेप. “तुम्ही तिला कामगार करून टाकलं, तिचं दुःख पुसलं.” मुळीच नाही. तेरा वर्षांच्या मुलीला कामाला जुंपणं, तिच्या कमाईवर तिघाचौघांनी जगणं, तिच्या नकाराला किंमत नसणं, हेच तर दुःख आहे. पण नुसती बळी म्हणून बाईला पाहिलं की तिचं कसब तिच्याकडून दुसऱ्यांदा काढून घेतलं जातं. पहिल्यांदा घरच्यांनी पैसा नेला. आता आपण श्रेय नेतो. ज्या परिस्थितीत माणसाने मोडून पडावं त्या परिस्थितीत तिने सखू उभी केली, बया उभी केली, जनाबाई उभी केली. हे परिस्थितीमुळे घडलं नाही, परिस्थितीचा काहीही उपकार नसताना घडलं. ते तिचं आहे.

तेव्हा वाचकांना एकच विनंती, विशेषतः आमच्याकडच्या. आपण या बाईकडे जातो ते उलट्या क्रमाने: आधी ‘भूमिका’, मग जमलं तर पुस्तक, आणि तिचे चित्रपट कधीच नाही. क्रम बदला. आधी ‘लोकशाहीर रामजोशी’ बघा, मग ‘संत सखू’ मिळाला तर तो. त्यानंतर ‘सांगत्ये ऐका’ वाचा आणि कामाची पानं सावकाश वाचा. ‘भूमिका’ सर्वांत शेवटी. आणि गंगाखेडला जनाबाईच्या दर्शनाला गेलात की सोबतच्या पोरांना एवढं सांगा की हिची भूमिका 1949 साली पडद्यावर हंसा वाडकर नावाच्या बाईने केली होती. बाईचं पुढे काय झालं, हे त्यांनी विचारलं तर म्हणा, पुढेही दहा वर्षं तिने काम केलं.